गोटमार : प्रेम दोघांचे, युद्ध दोन काठांचे

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी विदर्भात उत्सवाची धांदल असते. नागपुरात काळी आणि पिवळी मारबत निघते, बडग्यांच्या मिरवणुकीने महाल-इतवारीचे रस्ते फुलून जातात आणि बालगोपाळ लाकडी बैल सजवून तान्हा पोळा साजरा करतात. त्याच दिवशी नागपूर-इटारसी लोहमार्गावर काटोल आणि नरखेड मागे टाकून राज्याची सीमा ओलांडली, की पांढुर्णा या गावी निराळेच दृश्य दिसते. जाम नदीच्या दोन्ही काठांवर हजारो माणसे दाटीवाटीने उभी असतात. पात्राच्या मध्यावर पळसाचे झाड रोवलेले असते, त्यावर झेंडा फडकत असतो आणि दोन्ही काठांवरून दगडांचा वर्षाव सुरू असतो. कुणाचे डोके फुटते, कुणाचा हात मोडतो; जखमी माणसाला उचलून नेले जाते आणि त्याच्या जागी दुसरा येऊन उभा राहतो. हीच पांढुर्ण्याची प्रसिद्ध गोटमार.

वृत्तवाहिन्यांवर या जत्रेची दृश्ये दिसू लागली की शहरी प्रेक्षक हळहळतो आणि ‘हा कसला वेडेपणा’ म्हणून पुढे वळतो. या दगडफेकीच्या मुळाशी एक प्रेमकथा आहे, हे मात्र अनेकांना ठाऊक नसते. परस्परविरोधी गावांतल्या एका तरुणाची आणि तरुणीची ही कथा. तिच्या नावाने भरणाऱ्या जत्रेत प्रेमाचे काय उरले आणि वैराचे काय उरले, हे पाहणे उद्बोधक आहे. काहीसे अस्वस्थ करणारेही आहे.

नदी ओलांडताना

जाम नदीच्या एका तीरावर पांढुर्णा आणि दुसऱ्या तीरावर सावरगाव. (नरखेड तालुक्यातही सावरगाव नावाचे मोठे गाव आहे, हे सावरगाव त्याहून वेगळे, पांढुर्ण्याला लागून असलेले.) सुमारे तीनशे वर्षांपूर्वी पांढुर्ण्याच्या एका तरुणाचे सावरगावच्या मुलीवर प्रेम जडले, असे आख्यायिका सांगते. हा संबंध सावरगावकरांना मान्य होणे शक्य नव्हते. अखेर एके दिवशी पहाटे तो तिला घेऊन निघाला. भाद्रपदाचा आरंभ, नदीला पाणी. दोघे पात्राच्या मध्यावर पोहोचले असतील-नसतील, तोच सावरगावात बातमी फुटली. लोक काठावर धावले आणि त्यांनी दगड भिरकावण्यास सुरुवात केली. पांढुर्ण्याकडची माणसेही आपल्या तरुणाच्या रक्षणासाठी गोळा झाली आणि समोरच्या काठावर दगड फेकू लागली. या दोन माऱ्यांच्या मधोमध ती दोघे सापडली आणि तेथेच मरण पावली.

कथेचा शेवट येथे होत नाही. दोघांचे देह पाहून दोन्ही गावांना पश्चात्ताप झाला. त्यांनी ते देह पांढुर्ण्याच्या चंडीमातेच्या मंदिरात नेले, पूजा केली आणि मग अंत्यसंस्कार केले, असे सांगितले जाते. त्या घटनेची आठवण म्हणून गोटमार सुरू झाली, अशी श्रद्धा आहे.

कथेचे आणखी एक रूप प्रचलित आहे. त्यात तो तरुण साधासुधा गावकरी नसून पांढुर्ण्याचा राजा आहे आणि त्याच्या माणसांच्या मदतीने दोघे नदी सुखरूप पार करतात. या रूपात पश्चात्तापाला जागा नाही. आहे तो विजय. याशिवाय तिसरी एक कथा प्रेमाचा उल्लेखही करीत नाही. भोसल्यांच्या काळात सैनिकांना युद्धाचा सराव व्हावा म्हणून दगडफेकीचा हा खेळ सुरू झाला, असे ती सांगते.

यांपैकी खरे काय, हे इतिहासाच्या कसोटीवर ठरवणे कठीण आहे. मात्र ज्या काळाकडे या कथा बोट दाखवतात, तो काळ या परिसरात शांततेचा नव्हता, एवढे निश्चित. देवगडच्या गोंड राजसत्तेचा उतार आणि नागपूरकर भोसल्यांचा उदय याच अठराव्या शतकातला. जानोजी भोसले यांचे १७७२ मध्ये निधन झाल्यावर त्यांचे बंधू मुधोजी आणि साबाजी यांच्यात वारशाचे युद्ध पेटले आणि १७७५ मध्ये नागपूरजवळ पाचगावच्या लढाईत मुधोजींच्या हातून साबाजी मारले गेले. भाऊ भावाविरुद्ध उभा राहत होता, त्या काळात दोन शेजारी गावांचे वैर नवलाचे नव्हते. लोकस्मृती अशा काळातून तारखा जपत नाही. ती एखादे चित्र जपते; येथे ते नदीच्या मध्यावर अडकलेल्या दोन जिवांचे आहे.

दिवसभराचे युद्ध

गोटमार या शब्दाची फोड मराठी माणसाला करून सांगावी लागत नाही. गोटा म्हणजे दगड आणि त्याचा मार. हिंदी राज्यात भरणाऱ्या जत्रेचे नाव मराठी आहे, यातच या भागाची ओळख दडलेली आहे.

जत्रेचे विधी ठरलेले आहेत. जंगलातून पळसाचे झाड तोडून आणण्याचा मान सावरगावकडे असतो. पहाटे त्याची पूजा होते, त्यावर झेंडा बांधला जातो आणि ते नदीपात्राच्या मध्यभागी रोवले जाते. दोन्ही बाजूंचे खेळाडू चंडीमातेचे दर्शन घेतात. (होय, दगड फेकणाऱ्यांना येथे ‘खेळाडू’ म्हटले जाते.) मग सामना सुरू होतो. पांढुर्ण्याच्या खेळाडूने दगडांच्या माऱ्यातून वाट काढत पळसापर्यंत पोहोचायचे, कुऱ्हाडीने तो तोडायचा आणि झेंडा मंदिरात नेऊन देवीला अर्पण करायचा. सावरगावकरांनी त्याला तेथवर पोहोचू द्यायचे नाही. झेंडा एकदा हाती आला की दगड थांबतात आणि देवीचा जयजयकार सुरू होतो.

येथे पळस हे नुसते झाड नव्हे. सावरगाव त्याला आपली लेक मानते, म्हणून सावरगाव वधूपक्ष आणि पांढुर्णा वरपक्ष, अशी समजूत आहे. लेकीला नेऊ द्यायचे नाही, हा एका काठाचा हट्ट. तिला घरी आणल्याशिवाय राहायचे नाही, हा दुसऱ्याचा. तीनशे वर्षांपूर्वी अर्धवट राहिलेली वाट दरवर्षी पुन्हा चालली जाते. पळस तोडून नेणारा खेळाडू म्हणजे जणू नदी पार करू पाहणारा तोच तरुण.

या विधीत एक तरतूद अशी आहे की तिच्याकडे फारसे कुणाचे लक्ष जात नाही. सूर्य मावळेपर्यंत कोणत्याच बाजूची सरशी झाली नाही, तर दोन्ही बाजूंची जाणती मंडळी एकत्र येतात आणि आपसांतील समझोत्याने झेंडा काढून मंदिरात नेला जातो. म्हणजे दगड न मारताही लेक सासरी पोहोचू शकते, हे परंपरेला स्वतःलाच मान्य आहे. या मुद्द्याकडे पुढे पुन्हा यावे लागेल.

सीमेची दुसरी गंमत

पांढुर्णा आज मध्य प्रदेशात आहे आणि नरखेड महाराष्ट्रात. १९५६ पूर्वी ही दोन्ही गावे एकाच राज्यात, नागपूर राजधानी असलेल्या जुन्या मध्य प्रदेशात होती. त्या वर्षी १ नोव्हेंबरला राज्यांची पुनर्रचना झाली. नागपूर जिल्हा मुंबई राज्यात आला आणि छिंदवाडा जिल्हा, त्यातील मराठीभाषक सौसर व पांढुर्णा या भागांसह, मध्य प्रदेशात राहिला. २०२३ मध्ये हे दोन तालुके वेगळे काढून पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा करण्यात आला.

कागदावरची रेषा मात्र संसारात उतरली नाही. सीमेच्या अलीकडे संत्र्याच्या बागा आहेत आणि पलीकडेही आहेत. पोळा तोच, भाकरी-झुणका तोच, बोलण्याचा हेलही तोच. नरखेड, काटोल आणि वरूडच्या घरांतील लेकी पांढुर्ण्याकडे नांदतात, तिकडच्या इकडे येतात. गोटमार पाहायलाही या भागातून माणसे जातात. दोन राज्यांच्या सीमेवर ज्यांनी सोयरिकी सहज जुळवल्या, त्यांच्याच मुलखात एका ओढ्याएवढ्या नदीच्या दोन काठांवरील सोयरीक दगडांनी ठेचली गेल्याची कथा जिवंत राहावी, हा विलक्षण विरोधाभास आहे.

खुद्द पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यातही आज वैर नाही. नदीवर पूल आहे. बाजार, शाळा, दवाखाना, लग्नकार्य सारे सामायिक आहे. वर्षातले उरलेले सर्व दिवस ही माणसे एकमेकांच्या सुखदुःखात असतात. गोटमारीच्या दिवशी दगड खाणारा आणि दगड मारणारा दुसऱ्या दिवशी एकाच टपरीवर चहा पिताना दिसू शकतात. वैर संपले, त्याचा विधी मात्र उरला.

सारायेवोतील पूल

दोन बाजूंच्या माऱ्यात सापडलेले प्रेमिक ही केवळ लोककथेची कल्पना म्हणून सोडून देता आली असती. पण विसाव्या शतकाच्या अखेरीस, युरोपातील एका आधुनिक शहरात, जवळजवळ हीच कथा प्रत्यक्ष घडली. तेथेही नदी होती आणि दोन काठ होते.

युगोस्लाव्हिया फुटल्यानंतर १९९२ मध्ये बोस्नियात युद्ध पेटले. राजधानी सारायेवोला सर्ब फौजांनी वेढा घातला आणि तो १९९६ पर्यंत चालला. कालपर्यंत एकाच इमारतीत राहणारे मुस्लिम, सर्ब आणि क्रोएट एकमेकांचे शत्रू ठरले. बोश्को ब्रकिच हा सर्ब तरुण आणि अदमिरा इस्मिच ही मुस्लिम तरुणी. शाळकरी वयापासून त्यांचे प्रेम होते आणि शांततेच्या काळात त्यात कुणाला काही वावगे वाटले नव्हते. वेढ्यातही बोश्को तिच्यासाठी शहरात राहिला. अखेर दोघांनी बाहेर पडायचे ठरवले. मिल्याच्का नदीवरील व्र्बान्या पूल दोन्ही फौजांच्या मधल्या निर्मनुष्य पट्ट्यात होता. तो ओलांडू देण्याची हमी दोन्ही बाजूंकडून मिळाल्याचे सांगितले गेले.

१९ मे १९९३ रोजी दोघे पुलापर्यंत पोहोचले आणि गोळ्या सुटल्या. बोश्को जागीच कोसळला. जखमी झालेली अदमिरा सरपटत त्याच्यापर्यंत गेली, तिने त्याला मिठी मारली आणि काही वेळाने तिनेही प्राण सोडला. दोघेही पंचविशीत होते. त्यांचे देह कित्येक दिवस तेथेच पडून होते, कारण ते उचलायला जाणाऱ्यावर गोळी सुटण्याचा धोका होता. रॉयटर्सचे वार्ताहर कर्ट शॉर्क यांनी ही बातमी जगापुढे आणली. गोळी कोणी झाडली, यावरून दोन्ही बाजू एकमेकींकडे बोट दाखवत राहिल्या. त्याचा निर्विवाद उलगडा कधीच झाला नाही. प्रथम सर्बांच्या ताब्यातील भागात पुरलेले त्यांचे देह युद्ध संपल्यावर, १९९६ मध्ये, सारायेवोतील दफनभूमीत आणून शेजारी शेजारी ठेवण्यात आले.

जाम नदीची कथा आणि मिल्याच्काची घटना शेजारी ठेवली की एक समान धागा ठळकपणे दिसतो. दोन्हीकडे मारणारा हात कोणाचा, हे सांगता येत नाही. आख्यायिकेत सावरगाव अडवत होते आणि पांढुर्णा वाचवत होते. पण दगड दोन्ही काठांवरून येत होते आणि दोघे मध्यावर होती. रक्षणासाठी उचललेला दगडही हवेत गेल्यावर इतर दगडांसारखाच असतो. युद्धात प्रेमिकांचा बळी जातो तो केवळ शत्रूच्या द्वेषामुळे नव्हे. आपल्या माणसांचा अभिमानही त्याला तितकाच कारण ठरतो.

दगडांचा हिशेब

आख्यायिकेतल्या त्या दोघांची नावे सर्वत्र सांगितल्या जाणाऱ्या कथेत येत नाहीत. त्यांच्या आठवणीखातर पुढे जे गेले, त्यांची मात्र नोंद आहे. १९५५ पासून गोटमारीत किमान १३ जणांचा बळी गेल्याचे वृत्तांतून वारंवार नमूद होते. जखमींची संख्या दरवर्षी शेकड्यांत मोजली जाते. त्यांत डोळा गमावणारे असतात, कायमचे अधू होणारे असतात. चंडीमातेची विभूती जखमेवर लावली की पुन्हा मैदानात उतरायचे, अशी रीत आहे. पण ज्या घरातला कर्ता मुलगा या दिवशी गेला, त्या घरात जत्रेचे ढोल वाजू लागले की काय होत असेल, याची कल्पना करवत नाही.

प्रशासनाने प्रयत्न केले नाहीत, असे म्हणता येणार नाही. जमावबंदी झाली, मद्यविक्रीवर निर्बंध आले, दगडाला घातक वेग देणाऱ्या गोफणीवर बंदी घातली गेली. १९७८ आणि १९८७ मध्ये तर परिस्थिती पोलिसांच्या गोळीबारापर्यंत गेली. २००१ मध्ये दगडांऐवजी रबरी चेंडू देऊन पाहण्यात आले. थोडा वेळ चेंडू उडाले आणि मग लोकांनी नदीतले दगड उचलले. आता पोलीस बंदोबस्त, कॅमेरे, रुग्णवाहिका आणि उपचार केंद्रे यांच्या साक्षीने गोटमार होते. कायद्याने जे थांबवायचे, त्याची व्यवस्था कायद्यालाच पाहावी लागते, अशी ही कोंडी आहे.

रबरी चेंडूंचा प्रयोग का फसला, याचा विचार करण्याजोगा आहे. चेंडू बाहेरून आले होते. खेळणाऱ्यांच्या दृष्टीने जखम हा अपघात नसतो; ती गावाच्या अब्रूची आणि देवीवरील श्रद्धेची खूण असते. ज्या गोष्टीला लोक मान समजतात, तिच्या जागी खेळणे ठेवले तर ते अपमान समजणारच. वरून लादलेला बदल टिकला नाही, याचा अर्थ बदल अशक्य आहे असा नाही. तो आतून यावा लागतो.

परंपरा बदलतात कशा?

याची उदाहरणे दूर शोधावी लागत नाहीत. उत्तराखंडात चंपावत जिल्ह्यातील देवीधुरा येथे वाराही देवीच्या मंदिरापुढे राखीपौर्णिमेला ‘बग्वाळ’ नावाचे दगडयुद्ध होते. नरबळीची जुनी प्रथा थांबवून त्याऐवजी एका माणसाइतके रक्त सांडेपर्यंत दगडफेक करायची, अशी त्यामागची कथा. म्हणजे ही परंपराच मुळात एका अधिक क्रूर परंपरेला दिलेला पर्याय होती. २०१३ मध्ये उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर तेथे दगडांची जागा फळांना आणि फुलांना देण्यात आली. दगड पूर्णपणे गेले नाहीत, आजही काही जण जखमी होतात. तरी देवीपुढे फळे फेकूनही बग्वाळ पार पडते, हे तेथील लोकांनी स्वीकारले आहे.

आपल्याकडील उदाहरण तर अधिक बोलके आहे. सातारा जिल्ह्याच्या खंडाळा तालुक्यात सुखेड आणि बोरी या दोन गावांच्या मधून ओढा वाहतो. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी दोन्ही गावांच्या स्त्रिया वाजतगाजत ओढ्याच्या दोन काठांवर जमतात आणि एकमेकींना हातवारे करीत मनसोक्त शिव्या घालतात. ‘बोरीचा बार’ म्हणून ही प्रथा प्रसिद्ध आहे. मांडणी हुबेहूब गोटमारीसारखीच: दोन गावे, मधे पाणी आणि वर्षातून एकदा उसळणारे भांडण. फरक इतकाच की येथे शब्द फेकले जातात, आणि शब्दाने डोके फुटत नाही. दिवस संपला की भांडणही संपते.

दोन गावांना वर्षातून एकदा समोरासमोर उभे राहावेसे वाटते, यात गैर काही नाही. तो गावाचा स्वभाव आहे. समोरासमोर उभे राहून हातात काय घ्यायचे, एवढाच प्रश्न आहे.

कथेचा विसरलेला शेवट

या साऱ्याचा आजच्या काळाशी असलेला संबंध केवळ एका जत्रेपुरता मर्यादित नाही. जात, धर्म किंवा गाव यांच्या भिंती ओलांडून लग्न करणाऱ्यांवर आजही घरच्यांचेच हात उठतात. अशा जोडप्यांच्या रक्षणासाठी सर्वोच्च न्यायालयाला २७ मार्च २०१८ रोजी ‘शक्तिवाहिनी’ प्रकरणाच्या निकालात राज्यांना निर्देश द्यावे लागले. दोन सज्ञान व्यक्तींनी स्वेच्छेने केलेल्या विवाहात कोणत्याही जमावाला आडवे येण्याचा अधिकार नाही, असे न्यायालयाने बजावले आणि प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, तसेच सुरक्षित निवाऱ्याची व्यवस्था करण्यास सांगितले. पात्राच्या मध्यावर अडकलेल्या दोघांना पलीकडे सुखरूप पोहोचवण्याची जबाबदारी आता शासनाची आहे. तीनशे वर्षांत एवढे अंतर आपण निश्चितच कापले आहे. मात्र निवारा लागतो, याचाच अर्थ काठावर अजून दगड आहेत.

म्हणूनच गोटमारीच्या कथेचा जो भाग सांगितला जातो आणि जो पाळला जातो, त्यांतील फरक लक्षात घ्यायला हवा. कथेत दोन प्रसंग आहेत. पहिला दगडफेकीचा, दुसरा पश्चात्तापाचा, ज्यात दोन्ही गावांनी मिळून ते देह उचलले आणि देवीसमोर नेले. जत्रेत पहिला प्रसंग दिवसभर चालतो. दुसरा संध्याकाळी काही क्षणांत उरकतो. स्मरण म्हणून जे केले जाते, ते त्या दोघांच्या मृत्यूचे कारण आहे. त्या मृत्यूने दोन्ही गावांना जे शिकवले, ते मागे पडले आहे.

गोटमारीचा कणा असलेल्या गोष्टी दगडाशिवायही उभ्या राहू शकतात. सावरगावने लेक मानून आणलेला पळस, पांढुर्ण्याने तो मानाने चंडीमातेच्या दारी नेणे, दोन्ही काठांवरील गर्दी, ढोल, देवीचा जयजयकार, यांतील एकाही गोष्टीला दगडाची गरज नाही. सूर्यास्ताच्या वेळी समझोत्याने झेंडा नेण्याची वाट तर पूर्वजांनीच आखून ठेवली आहे. ती संध्याकाळऐवजी सकाळी धरायची, एवढाच काय तो बदल. तो सुचवण्याचा अधिकार नागपूर-मुंबईच्या वाचकापेक्षा जाम नदीच्या दोन्ही काठांवर राहणाऱ्यांना अधिक आहे, आणि तो त्यांच्याकडूनच यायला हवा. ज्या गावांत आज या तीरावरून त्या तीरावर वराती पुलावरून वाजतगाजत जातात, त्या गावांना लेक सासरी कशी पाठवावी हे बाहेरच्यांनी शिकवण्याची गरज नाही.